म्होरची सनई

आप्पांनी फुलपात्रातली कवळी काढली, दारातल्या उन्हात धरून उलटीपालटी करून बघितली आणि आईला म्हणाले, "ही तोंडात घातली की वाटतंय, पावन्याच्या घरात येऊन बसलोय."

"मग नका घालू," आई चुलीपुढून म्हणाली. "पर भाकरी चावून द्याला मी येनार न्हाई, आदीच सांगून ठिवते."

"भाकरीचं कोन इचारतंय? सनईची पत्ती ओठांत ठरंना झालीया. ही घातली तर खडखडती, काढली तर ओठ आत जात्यात."

"मग आजचा दिस केरबाला म्होरं..."

आईनं जीभ चावली. आप्पांची मान एकदम वर झाली होती. केरबा म्हणजे मी. मी कट्ट्यावर बसून माझ्या सनईला तेलाचं बोट लावत होतो आणि काहीच ऐकलं नाही असा चेहरा करण्यात माझा हात धरणारा गावात कुणी नव्हता. आप्पांनी माझ्याकडे पाहिलं, आईकडे पाहिलं, कवळी खळकन तोंडात बसवली आणि न्हाणीकडे गेले.

तो चैत्रातल्या यात्रेचा दिवस. दुपार कलल्यावर भैरोबाची पालखी निघायची होती.

आम्ही गुरव. भैरोबाची पूजा आमच्या भाऊबंदांत वाटलेली, पण सनई एकट्या आमच्या घराची. आणि सनई म्हणजे एक नव्हे, दोन. एक म्होरची. तीवर राग वाजतो, लोक माना डोलावतात, वाहवा मिळते. दुसरी मागची. तिच्यातून एकच सूर काढायचा आणि तो धरून ठेवायचा. गालात हवा साठवायची, ती सोडता सोडता नाकानं श्वास घ्यायचा, पण सूर तुटू द्यायचा नाही. यात्रेत आलेल्या माणसाला विचारा, मागं कोण होतं, तर सांगता यायचं नाही. मी तरणा झाल्यापासून मागं होतो आणि त्या साली मी चाळिशीला टेकलो होतो. मला लग्नाला आलेली पोरगी होती, पण पालखीपुढं मी अजून 'धोंडिराम गुरवाचं पोरगं' होतो.

याला कारण आमची रीत. म्होरची सनई बाप जिवंत असेपर्यंत बापाची. बाप आजारी पडला तर त्या दिवशी सनई वाजायचीच नाही, पण मुलानं ती ओठाला लावायची नाही. आमच्या घरात म्हणायचे, म्होरची सनई सरणावरूनच खाली येते. पणजोबांची आजोबांना तशीच मिळाली, आजोबांची आप्पांना तशीच. बापाच्या जिवंतपणी ती हातात घेणारा मुलगा म्हणजे बापाच्या ताटातला घास उचलणारा. अशा मुलाला गावात कुणी उभं केलं नसतं.

दुसरी रीत पालखीची. देवळाच्या पायरीपासून नदीच्या घाटापर्यंत पालखी सुरावर चालते. सूर तुटला की भोई जागच्या जागी पाय रोवतात, आणि पालखी वाटेत थांबली तर ते साल गावाला जड जातं. अशी पालखी थांबलेली कुणी पाहिली नव्हती, आणि ती थांबली नाही याचा आमच्या घराला केवढा माज होता, ते सांगून संपायचं नाही. आप्पा घाटावरून परत यायचे ते छाती पुढं काढून. मी त्यांच्या मागून यायचो, तोही काही कमी छाती काढून नव्हे.

आणि का नसावी? आप्पांचा भीमपलास ज्यानं ऐकला तो मरेस्तोवर विसरला नाही. मी पोटचा मुलगा म्हणून बोलत नाही. शेजारच्या गावांतली माणसं बैलगाड्या जुंपून यायची ती भैरोबाला नव्हे, आप्पांना. भैरोबालाही ते माहीत असावं, पण तो बिचारा कधी बोलला नाही.

पण गेली काही वर्षं आप्पांचा दम तुटत होता. हे गावात फक्त मला माहीत होतं, कारण मी त्यांच्या पाठीमागं दोन हातांवर उभा असायचो. तान वर चढायची आणि मध्येच एक भोक पडायचं. एवढंसंच, पण पडायचं. तिथं मी काय करायचो, तर माझा सूर फुगवायचो. छातीत असेल नसेल तेवढी हवा सोडायचो, सूर भरून यायचा आणि ते भोक बुजायचं. आप्पा दम घेऊन पुढची तान उचलायचे की मी हळूच खाली यायचो. ऐकणाऱ्याला वाटायचं, म्हाताऱ्याच्या छातीत अजून भाता आहे. लबाडी म्हणा हवं तर. मी तिला चाकरी म्हणतो, आणि तशी चाकरी पंचक्रोशीत दुसऱ्या कुणी करून दाखवावी.

घोटाळा झाला तो त्या यात्रेआधीच्या मार्गशीर्षात. देवस्थान कमिटीचे अध्यक्ष तात्यासाहेब नाडगौडा यांच्या नातीचं लग्न होतं आणि मी तापानं फणफणून अंथरुणात. माझ्या जागी चुलतभाऊ सूर धरायला गेला. तो गुणी, पण त्याला सूर धर म्हटलं की तो धरतो, दुसरं काही करत नाही. अक्षता पडेपर्यंत सगळ्या मांडवानं आप्पांची भोकं ऐकली. कुणी तोंडावर बोललं नाही, पण घरोघरी कुजबूज झाली. तात्यासाहेबांनी तर आम्हाला द्यायचं वर्षाचं धान्य मोजताना करावा तसा चेहरा केला होता, असं आईनं मला नंतर सांगितलं.

त्याचं फळ यात्रेच्या दिवशी सकाळीच दारात आलं. आप्पा न्हाणीतून बाहेर येतात तोवर तात्यासाहेब अंगणात उभे. आप्पांच्याच वयाचे, दोघं एका विहिरीत पोहायला शिकलेले. पण तात्यासाहेबांना म्हातारं व्हायचं नव्हतं. ते मिशीला कलप लावायचे, आणि चैत्राच्या उन्हात तो कलप घामाबरोबर ओठावर उतरायचा. त्यांच्याबरोबर लाल कोट घातलेला, खांद्यावर सोनेरी झालरी असलेला एक माणूस होता.

"धोंडिराम, हे बँडमास्तर. तालुक्याचं हाईत."

"कुनाचं लगीन हाय?" आप्पांनी विचारलं.

"लगीन कसलं? यात्रंला बोलिवल्यात. शाळंच्या पटांगनात बसत्याल." तात्यासाहेबांनी घसा साफ केला. "हे बघ, मी तुझा वैरी न्हवं. पर कमिटीत बोलनं झालंय. पालखीचा मामला हाय. आज घाटापत्तुर सूर टिकला तर तुझ्या घरचा मान तुझ्या घरात. वाटंत पालखी थांबली, तर बँड तितनंच उचलंल, आन म्होरल्या सालापासनं बँडच."

पिढ्यान् पिढ्यांचा मान, आणि समोर कोण, तर लाल कोट! मी पुढं झालो, पण आप्पांनी हात आडवा केला.

"मास्तर, तुमच्या त्या क्लारनेटाला पत्ती असती का?" त्यांनी विचारलं.

"असते की," मास्तर दचकून म्हणाला.

"तुमचं दात कसं हाईत?"

"बरे आहेत."

"मग झालं. जेवून घ्या, आज आमच्याकडं पुरनपोळी हाय." आणि तात्यासाहेबांकडं वळून म्हणाले, "तुझं म्हननं मान्य हाय. मिशी पूस, वघळ आलाय."

तात्यासाहेब ओठ पुसत निघून गेले. आप्पा हसत होते. मी मात्र आतून हललो होतो. पण लगेच मी स्वतःलाच समजावलं की भिण्याचं कारण नाही. लग्नात मी नव्हतो, आज मी आहे. जितकी भोकं पडतील तितकी बुजवीन, छाती फुटली तरी बुजवीन. माझ्या बापाचं नाव लाल कोटाच्या पायी जाऊ द्यायचं नाही, एवढं मी ठरवून टाकलं.

दुपार कलली तसे आम्ही देवळाकडं निघालो. आप्पांनी पांढरी बंडी, जरीकाठी उपरणं, लाल फेटा असा सगळा थाट केला होता. आप्पांचे धाकटे भाऊ महादूकाका संबळ कमरेला बांधून पुढं गेले. देवळामागच्या चिंचेखाली आप्पा थांबले आणि पत्ती जिभेवर भिजवत म्हणाले, "केरबा, आज सूर फुगवू नगंस."

मी चालता चालता वळलो. "म्हंजे?"

"म्हंजे काय म्हंजे? मला भैरा समजतोस व्हय? आज सपाट धर. मी कुटं का पडंना, तू जागचा हालायचं न्हाई."

"आप्पा, काय बोलतासा? आज? तात्यासाहेब काय म्हनलं ते ऐकलासा न्हवं?"

"ऐकलं."

"मग सपाट धरला तर समद्या गावाला..."

"ऐकू जाईल," आप्पा म्हणाले. "जाऊ दे. मी बाप हाय का तू?"

मी मान हलवली, पण मनात म्हटलं, तुम्ही कितीही सांगा, मी फुगवणार. बापाचं ऐकणं हा धर्म खरा, पण बापाची अब्रू हा त्याहून मोठा.

'भैरोबाच्या नावानं चांगभलं!' असा गजर झाला, गुलाल उडाला, खोबऱ्याचे तुकडे पालखीवर पडले. मी सूर धरला. महादूकाकांनी संबळावर टिपरू टाकलं आणि आप्पांनी भीमपलास उचलला. भोयांची पावलं हलली.

पहिला पट्टा सरळ गेला. वेशीपर्यंत आप्पा असे वाजले की पायरीवर बसलेल्या म्हाताऱ्या बायका पदर डोळ्याला लावू लागल्या. मला वाटलं, देव पावला, काही पडत नाही आज. वेस ओलांडली, वाट उताराला लागली आणि वर चढलेली तान एकदम विझली.

मी फुगवलं. ठरवून नव्हे, इतक्या वर्षांची सवय होती. सूर भरून आला, भोक बुजलं. कुणाला कळलं नाही. पण आप्पा चालता चालता वळले आणि त्यांनी माझ्याकडं पाहिलं. तसं त्यांनी माझ्याकडं पूर्वी एकदाच पाहिलं होतं, लहानपणी मी देवाच्या ताटातला पेढा पळवला तेव्हा. रागापेक्षा जास्त काहीतरी होतं त्यात. ते डोळे म्हणत होते, तुला सांगितलं ना?

दुसरं भोक पडलं. माझ्या गालात हवा भरून तयार होती. मी ती सोडली नाही. सपाट धरला. डोळ्यांतून पाणी यायला लागलं, पण सपाट धरला.

लोकांनी ऐकलं. ऐकणाऱ्या गावाचा एक आवाज असतो, गर्दी बोलायची थांबते तेव्हाचा. तिसरं भोक लांब होतं. चौथ्याच्या वेळी कवळी हलली आणि सनईतून नुसता फुसकारा आला. पुढं गुलाल उधळणारी पोरं मागं वळून बघू लागली. वाट शाळेजवळ आली होती. पटांगणात लाल कोटवाले उभे राहिले आणि तात्यासाहेबांनी गर्दीतून हात वर केला. मला तो हात दिसला, आप्पांना दिसला, सगळ्यांना दिसला.

आप्पांनी सनई ओठांवरून काढली.

संपलं, असं वाटलं. पण आप्पा चालतच होते. त्यांनी उजव्या हातानं तोंडातली कवळी काढली, अख्ख्या गावासमोर काढली, उपरण्याला पुसली आणि बंडीच्या खिशात टाकली. कुणीतरी फिसकन हसलं. आप्पांनी तिकडं पाहिलंसुद्धा नाही. मग त्यांनी कमरेला खोचलेल्या उपरण्यातून एक आखूड, काळपट नळी काढली. ती मी कधी पाहिली नव्हती, पण काय आहे ते ओळखायला वेळ लागला नाही. ती सुराची सनई होती, त्यांची स्वतःची, आजोबांच्या मागं उभे असतानाची.

आत गेलेल्या ओठांत त्यांनी ती धरली. पहिल्यांदा नुसती हवा गेली. दुसऱ्या फुंकरीला सूर लागला आणि माझ्या सुरात असा मिसळला की दोनाचा एक झाला. एका सुराला दात लागत नाहीत, हे मला त्या दिवशी कळलं. आप्पा एकेक पाऊल मागं येत माझ्या खांद्याशी आले आणि डाव्या हातातली म्होरची सनई त्यांनी माझ्या छातीवर टेकवली.

मी मान हलवून नाही म्हणालो. मला मेलं तरी ती घ्यायची नव्हती. बाप समोर जिवंत, चालता, आणि मी त्याची सनई ओठाला लावायची? गाव काय म्हणेल?

आप्पांनी सनई आणखी दाबली. सुरात तोंड अडकलेलं, बोलता येत नव्हतं, पण भुवया सगळं बोलत होत्या. शेजारून महादूकाका संबळ न थांबवता ओरडले, "घे की रं गाढवा! त्येचा सूर लागलाय, घे!"

मी माझी नळी सोडली आणि आप्पांची सनई घेतली. पत्ती अजून ओली होती, त्यांच्या तोंडातली. मी डोळे मिटले आणि भीमपलास जिथं पडला होता तिथून उचलला.

मी कसा वाजलो ते मी सांगणार नाही, स्वतःची आरती स्वतः ओवाळू नये. पण इतकी वर्षं मागं उभा राहून आप्पांची एकेक तान मी कानांनी गिळली होती, आणि ती सगळी त्या उतारावर बाहेर पडली. गुलाल पुन्हा उडायला लागला. एक भोई चालता चालता 'अरं वा, अरं वा' म्हणत होता, तेवढं मला आठवतं. आणि आठवतो तो माझ्या पाठीशी असलेला सूर. मला दम घ्यावा लागायचा तिथं तो फुगला नाही. मला झाकलं नाही त्यांनी. पण तो जराही हलला नाही. सत्तरी ओलांडलेला, दात पडलेला माणूस नाकानं श्वास ओढत, उतारावरून चालत एक सूर धरून होता, आणि पालखी त्या सुरावर तोलून घाटापर्यंत गेली.

घाटावर पालखी टेकली तेव्हा तात्यासाहेब घाम पुसत पुढं आले. मिशी गुलाल आणि कलप मिळून जांभळी झाली होती.

"धोंडिराम, सनई तुटली की रं तुझी!"

आप्पा पायरीवर बसून धापा टाकत होते. "तुटली. चार बारी तुटली. सूर तुटला का?"

आप्पांनी भोयांकडं मान वळवली.

"ए भोई, पालखी थांबली का रं कुटं?"

"न्हाई बा," भोई म्हणाला. "आमी सुरावर चालतुया."

"पर केरबानं..." तात्यासाहेबांनी माझ्या हातातल्या सनईकडं बोट दाखवलं. "तू जित्ता असताना?"

"म्या दिली," आप्पा मोठ्यानं म्हणाले, सगळ्या घाटाला ऐकू जाईल असं. "त्येनं घेतली न्हाई, म्या दिली. समद्यांनी बगितलंय. म्हातारा झालोय मी. ऐकलासा न्हवं समद्यांनी? आजपासनं म्होरं केरबा, मागं मी."

तात्यासाहेब धप्पकन आप्पांच्या शेजारी पायरीवर बसले. "माजं बी गुडघं गेल्यात रं," ते हळूच म्हणाले. बँडमास्तर मागं उभा होता. त्याला त्यांनी हातानंच सांगितलं, जेवून जा. तो जेवून गेला, आणि जाताना माझ्या सनईची पत्ती बघायला मागितली. मी दाखवली, पण हातात दिली नाही.

देवाची आंघोळ झाली, गर्दी पांगली. ऊन अजून नदीवर होतं. आप्पा पाण्यात पाय सोडून बसले होते आणि मी त्यांच्या पाठीवरचा गुलाल धूत होतो. सगळं गाव पाठ थोपटून गेलं होतं, पण मला आनंद झाला होता की राग आला होता तेच कळत नव्हतं.

"तुमाला कवा कळलं? मी फुगवतुया ते?"

"तात्याच्या नातीच्या लग्नात. तू न्हवतास. त्या दिवशी मी पैल्यांदा मला ऐकलं." ते हसले. "म्हनलं, आरं तिच्या, हा कोन म्हातारा वाजवतोय?"

"मग मला सांगायचं न्हाई व्हय? घरातच दिली असतीसा सनई. गावाम्होरं कवळी काढून, हसं करून..."

"घरात दिली असती तर तू घेतली असतीस?"

"न्हाई."

"आन घेतली असतीस, तर गावानं म्हनलं असतं, पोरानं बापाच्या हातातनं काढून घेतली. जलमभर तुज्या कपाळाला लागलं असतं ते. आता समद्यांनी आपल्या कानानं ऐकलंय, म्हाताऱ्यात दम ऱ्हायला न्हाई. कोन तुला बोलनार?"

मी पाठीवर पाणी ओतत राहिलो. आप्पांनी पाण्यातले पाय हलवले.

"तुजा आजा गेला तवा मी तुज्यापरीस मोठा हुतो," ते म्हणाले. "शेवटापत्तुर त्यो म्होरं. हात कापायचं, तरी म्होरं. मी मागं. सरान पेटलं तवा मी वरडून वरडून रडत हुतो, महादूला इचार. आन रडता रडता मनात आलं, आता सनई माजी." त्यांनी ओंजळभर पाणी तोंडावर मारलं. "ग्वाड वाटलं रं केरबा. बाप जळतोय आन मला ग्वाड वाटतंय. कुनाला बोललो न्हाई आजपत्तुर. तुज्या आईला बी न्हाई. ती चव अजून तोंडातनं जाईना."

नदीच्या पलीकडं कुणीतरी म्हशी पाण्यातून हाकत होतं. माझा हात त्यांच्या पाठीवर तसाच राहिला.

"तवापासनं मी इचार करतुया, मानूस म्हातारा कशापायी हुतो? देवाला काय, धडधाकट असतानाच उचललं असतं तरी चाललं असतं. मदी ही आसली वर्सं कशाला ठिवली त्येनं? दात न्हाईत, दम न्हाई, पर जीव हाय, कान हाईत. मला वाटतंय, ही पोरासाठीच ठिवल्यात. बाप जित्ता असताना पोरानं म्होरं व्हावं आन बापानं मागं ऱ्हाऊन ऐकावं. मेल्यावर कसं ऐकाया येनार? आज ऐकलं मी तुला. माज्या बापाला ह्ये गावलं न्हाई." मग मान मागं वळवून म्हणाले, "जरा जोरानं चोळ की, बाईमानसागत काय हात फिरवतोस!"

मी जोरानं चोळलं. माझा बाप केवढा मोठा माणूस आहे हे मला त्या घाटावर कळलं, आणि ते त्यांना सांगायची माझी छाती झाली नाही. तशी रीतही नव्हती आमच्यात.

त्यानंतर आप्पा बरीच वर्षं जगले आणि प्रत्येक यात्रेला माझ्या मागं सूर धरून उभे राहिले. कवळी त्यांनी पुन्हा फक्त भाकरीसाठी घातली. घरी आल्यावर मी कुठं चुकलो ते सांगायला ते कधी विसरले नाहीत, आणि बाहेर कुणी माझं नाव काढलं तर 'मागं कोन हुतं ते इचारा आदी' म्हणायलाही विसरले नाहीत. आमची रीत मात्र त्या दिवशी बदलली ती बदलली. आज म्होरं माझा धाकटा पोरगा सुभाष वाजवतो. मी मागं असतो, आणि मी अजून धडधाकट आहे असं ज्याला वाटतं त्यानं माझे गुडघे विचारावेत.

आप्पा गेले ते माघात, झोपेतच. म्होरची सनई तेव्हा माझ्याच खुंटीला होती, कितीतरी वर्षं. नदीकाठी मी सरणाला अग्नी दिला, महादूकाकांनी मला धरलं, आणि मी लहान मुलासारखा हंबरडा फोडला. खूप वेळ रडलो. रडता रडता मी आपल्याच मनात डोकावून पाहिलं. तिथं रडण्याशिवाय दुसरं काही नव्हतं.